मांडवीच्या फेरीबोटीवरची डॉक्युमेंटरी : जुनं फुटेज कुठून मिळवायचं आणि हक्क कसे घ्यायचे?

मांडवीकाठ

नमस्कार मंडळी, इथं पहिल्यांदाच लिहितोय, विषय थोडा लांबलचक आहे, समजून घ्या.

मी मूळ बेतीचा, म्हणजे पणजीच्या समोरच्या काठावरचा, आता नोकरी पणजीत. गेली दोन वर्षं सुट्टीच्या दिवशी जमेल तसं मांडवी ओलांडण्यावर एक डॉक्युमेंटरी करतोय. आधी होड्या, मग गॅसोलीन (आजोबा मोटर लाँचला गॅसोलीनच म्हणायचे), मग फेरीबोट, मग पूल, आणि ५ जुलै १९८६ ला तो पूल पडला आणि पलीकडचा अख्खा बार्देस तालुका परत फेरीच्या रांगेत येऊन उभा राहिला. माझी आई तेव्हा पणजीत शाळेत शिकवायची. भर पावसात ती रांग, धक्क्यावरचा चिखल, पहिली बेल चुकू नये म्हणून काळोखात घरातून निघणं, हे मी लहानपणापासून ऐकत आलोय. तिचं आणि अजून चौदा-पंधरा जणांचं बोलणं शूट करून झालंय आणि ते खरंच चांगलं आलंय असं मला मनापासून वाटतं.

घोळ झालाय तो जुन्या फुटेजचा. ५२ मिनिटांचा रफ कट (कच्चं संपादन) तयार आहे, त्यात साधारण ११ मिनिटं जुनी दृश्यं आहेत आणि खरं सांगायचं तर सगळी यूट्यूब आणि फेसबुकवरून उतरवलेली आहेत. एक ५० च्या दशकातला पोर्तुगीज बातमीपट आहे, दीडेक मिनिट. डिसेंबर १९६१ ची, म्हणजे गोवा मुक्तीच्या वेळची, आपल्या बाजूची दृश्यं आहेत, त्याच्यावर फिल्म्स डिव्हिजनचं नाव दिसतं. ८६ च्या बातम्यांतली एक क्लिप आहे, कोपऱ्यात दूरदर्शनचं बोधचिन्ह आहे पण अपलोड कुठल्यातरी भलत्याच चॅनेलने केलीय. आणि फेरीबोटीत बस चढतानाची एक अप्रतिम रंगीत क्लिप आहे, ती एका फेसबुक ग्रुपवर मिळाली, कोणाची ते तिथल्या कोणालाच ठाऊक नाही. लिंका खाली दिल्यात.

परवा एका चॅनेलच्या बाईंनी कट बघितला, त्यांना आवडला, आणि पहिलाच प्रश्न आला की आर्काइव्हचं क्लिअरन्स, म्हणजे जुनं फुटेज वापरायची परवानगी, कुठाय. माझ्याकडे काहीच नव्हतं. आता प्रश्न असा की हे हक्क कोणाकडे मागायचे, साधारण खर्च कसा लागतो, आणि शैक्षणिक स्वरूपाची डॉक्युमेंटरी आहे म्हणून फेअर यूज, म्हणजे परवानगी न घेता केलेला रास्त वापर, म्हणता येईल का? सगळा पैसा घरचा आहे, तीनेक लाख उरलेत, त्यातच साउंड आणि कलर पण करायचंय. कोणी या वाटेने गेलेलं असेल तर सांगा, देव बरें करूं.

रीळशोधक

मांडवीकाठ, लांब उत्तर देतोय कारण ही चूक मी स्वतः केलीय आणि ती किती महागात पडते ते मला माहिताय. बारा-तेरा वर्षं मुंबईत आर्काइव्ह रिसर्चचंच काम करतोय, गाव सावईवेरें.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा. हक्क कोणाचा आणि चांगली प्रत कोणाकडे, हे दोन वेगळे प्रश्न आहेत आणि दोन्हीची उत्तरं वेगवेगळ्या दारात मिळू शकतात. ज्याने यूट्यूबवर चढवलं तो बहुतेक वेळा या दोघांपैकी कोणीच नसतो. त्याला मेसेज करून "तुमची क्लिप वापरू का" विचारलंत, तो "हो घ्या की" म्हणाला, तर त्या हो ला काडीची किंमत नाही, कारण ते त्याचं नव्हतंच. पण त्याला विचारा जरूर, फक्त प्रश्न वेगळा विचारायचा, की तुम्हाला हे कुठून मिळालं. कधी कधी धागा तिथूनच लागतो.

आता तुमचं एकेक बघू. फिल्म्स डिव्हिजन १९४८ पासून होतं, पेडर रोडला, आणि त्यांचा इंडियन न्यूज रिव्ह्यू थिएटरमध्ये मुख्य सिनेमाच्या आधी दाखवला जायचा, तुमच्या आईवडलांनी नक्की बघितला असेल. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं फिल्म आर्काइव्ह दोन्ही एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाले. त्यामुळे जुन्या पत्त्यांवर पत्रं पाठवत बसू नका, थेट एनएफडीसीकडे जा. आणि पत्रात "गोवा १९६१ चं फुटेज पाहिजे" एवढंच लिहू नका. बातमीपटाचा क्रमांक असेल तर क्रमांक, नसेल तर कुठलं दृश्य, साधारण कुठल्या महिन्यातलं, क्लिपमध्ये किती मिनिटाला येतं, एखादी फ्रेम प्रिंट करून जोडा. तिथला माणूस शोधायला तयार असतो हो, पण त्याच्या हातात काहीतरी द्यावं लागतं.

दूरदर्शनचं असेल तर प्रसार भारतीचं आर्काइव्ह. तिथे वेळ लागतो, धीर ठेवा, फोन करत राहा. परदेशी एजन्सीचं काही मिळतंय का ते पण बघा, कारण त्या काळात व्हिसन्यूज म्हणून एजन्सी होती जी जगभर बातम्यांचं फुटेज पुरवायची, ती पुढे रॉयटर्सकडे गेली, आणि रॉयटर्सचा जुना साठा आता ब्रिटिश पाथेच्या साइटवर शोधता येतो. ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये ८५ हजार फिल्म्स यूट्यूबवर टाकल्या आणि तेव्हापासून आपल्याकडे सरसकट समज झाला की ते फुकट आहे. बघायला फुकट आहे. वापरायला लायसन्स लागतं. दुसरं एपी या वृत्तसंस्थेचं आर्काइव्ह, तिथे पण शोध करून बघा. या साइटवर शोधायला पैसे पडत नाहीत, वेळ तेवढा जातो.

पैशाचं गणित असं असतं. दर सेकंदाचा असतो, पण वर किमान मर्यादा असते, ३० सेकंद किंवा ६० सेकंद अशी. समजा दर सेकंदाला २००० आणि किमान ३० सेकंद, तर तुम्ही ७ सेकंदाचा एक शॉट घेतलात तरी ६० हजार मोजायचे. पाच ठिकाणांहून पाच छोटे शॉट घेतले की पाच किमान मर्यादा भरायच्या. एकाच ठिकाणाहून ३० सेकंद घेतलेत तर एकच. म्हणजे कट करतानाच हे डोक्यात पाहिजे, नंतर नाही. आणि दर ठरतो तो कुठे दाखवणार, किती वर्षं आणि कुठल्या माध्यमात, याच्यावर. सगळं जग, सगळी माध्यमं, कायमचं, असं मागितलंत तर आकडा ऐकून तुम्ही फिल्मच सोडून द्याल. तुमच्यासारख्याने आधी फक्त फेस्टिव्हलचं लायसन्स घ्यायचं, आणि त्याच करारात लिहून घ्यायचं की पुढे टीव्ही आला तर इतके, ओटीटी आला तर इतके. हा पुढचा आकडा आजच लिहून घ्या, कारण चॅनेलने फिल्म घेतली हे समोरच्याला कळलं की मग तुमची घासाघीस करायची ताकद संपते.

माझी चूक सांगतो. एका फिल्मवर निर्मात्याने सांगितलं की आधी कट लॉक (पक्का) करू, क्लिअरन्स मागाहून बघू. मी नवीन होतो, गप्प बसलो. शेवटचा सगळ्यात हळवा प्रसंग ४० सेकंदांच्या एका जुन्या शॉटवर उभा होता, आणि त्याचा मालक आम्हाला शेवटपर्यंत सापडला नाही. आवाजाचं मिक्स झाल्यावर, सगळं झाल्यावर तो प्रसंग उघडावा लागला, संगीतकाराला परत बसवावं लागलं, आणि जे झालं ते पहिल्यासारखं कधीच झालं नाही. मला अजून तो शॉट आठवतो. म्हणून सांगतो, तुमचा रफ कट आहे तोवरच हे निस्तरा.

कटिंगटेबल_म्हापसा

रीळशोधक दादांनी मोठं सांगितलंय, मी फक्त टेबलावरचं सांगतो कारण एडिटर म्हणून हा त्रास शेवटी आमच्या गळ्यात येतो.

आत्ताच्या आत्ता एक शीट बनवा. टाइमलाइनवर कुठून कुठपर्यंत, मूळ फाइलमध्ये कुठून कुठपर्यंत, कुठली लिंक, कोणाचं असेल असं वाटतं, कोणाला कधी पत्र पाठवलं, उत्तर काय आलं. आणि प्रोजेक्टमध्ये फायलींची नावं बदला, "फेरी फायनल २" असलं नाव ठेवू नका, स्रोताचं नाव आणि त्यांचा क्लिप नंबर नावातच पाहिजे. आर्काइव्हवाले आधी स्क्रीनर देतात, कमी रिझोल्यूशनचा, मध्ये वॉटरमार्क आणि खाली टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा वेळेचा आकडा) छापलेला. त्याच्यावर कट करायचा, आणि लॉक झाल्यावर त्याच टाइमकोडवरून मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची प्रत, मागवायचा. यूट्यूबवरून उतरवलेल्या फाइलीला हा टाइमकोड नसतो, आणि कोणीतरी त्याचा वेग पण बदललेला असतो, ८ मिमीचं १८ फ्रेमचं रीळ २५ वर पळवून माणसं टुणटुण चालताना दिसतात ना, ते तसंच. मग मास्टर आल्यावर एकही कट जुळत नाही आणि सगळं डोळ्यांनी परत बसवावं लागतं. मी तीन रात्री बसलोय असं करत.

अजून एक, कृपा करून जुनं चौकोनी फुटेज स्क्रीन भरायला वरून खालून कापू नका. ते ४:३ आहे, दोन्ही बाजूंना काळं राहू दे. तुमच्या क्लिपमध्ये खाली धक्क्यावर उभी असलेली माणसं आहेत, कापलंत तर पहिले त्यांचे पाय जातील आणि अनवाणी कोण होतं ते कळणारच नाही. मला तरी त्या शॉटमध्ये तेच सगळ्यात जास्त बोलतं असं वाटलं.

अॅडव्होकेट_सासष्टी

फेअर यूजबद्दल विचारलंत म्हणून लिहिते. तो शब्द अमेरिकेचा. आपल्याकडे कॉपीराइट कायदा १९५७, कलम ५२, त्याला फेअर डीलिंग म्हणतात, आणि ते बरंच आखीव आहे. स्वतःचा अभ्यास, समीक्षा, चालू घडामोडींचं वार्तांकन, अशी कारणं दिलेली आहेत. ८६ चा पूल आज चालू घडामोड नाही. तुम्ही त्या बातमीवरच टीका करत असाल, म्हणजे तेव्हा बातमी कशी दिली गेली हाच तुमचा मुद्दा असेल, तर समीक्षा म्हणून बाजू मांडता येते. पण नुसतं वातावरण दाखवायला वापरलंत तर त्या कलमावर विसंबू नका, आणि चॅनेल तर मुळीच विसंबणार नाही. त्यांना कागद लागतो.

पण तुमच्यासाठी चांगली बातमी पण आहे. सिनेमाच्या हक्काची मुदत आपल्याकडे प्रकाशनाच्या पुढच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं. सरकारी कृतीलाही ६० च. म्हणजे जो बातमीपट १९६१ च्या डिसेंबरात दाखवला गेला त्याची मुदत ३१ डिसेंबर २०२१ ला संपली, जानेवारी ६२ मध्ये दाखवला असेल तर ३१ डिसेंबर २०२२ ला. तेव्हा ६१ च्या त्या दृश्यांवर भारतात आज कॉपीराइट राहिलेला नाही. आता इथे रीळशोधक म्हणतात तो फरक कामाला येतो, हक्क संपला तरी चांगली प्रत त्यांच्याच कपाटात आहे, ती स्कॅन करून द्यायचे पैसे ते घेणार आणि त्यांच्या अटी असणार. ते वेगळं. आणि बातमीपटातलं संगीत वेगळं धरा, संगीतकाराच्या हक्काची मुदत त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालते. सोपा उपाय, मूळ आवाज बंद करा आणि तुमचा पाण्याचा, इंजिनाचा आवाज टाका.

८६ ची क्लिप मात्र मुदतीत आहे, २०४६ संपेपर्यंत. तिथे परवानगीशिवाय पर्याय नाही.

पोर्तुगीज बातमीपटाचं जरा नाजूक आहे. भारतात दाखवायला ५० च्या दशकातल्या फिल्मची मुदत संपलेली आहे असं म्हणता येतं. पोर्तुगालात हिशोब वेगळा, तिथे दिग्दर्शक, लेखक, संगीतकार यांच्यातला शेवटचा जो असेल त्याच्या मृत्यूनंतर ७० वर्षं. तुमची फिल्म लिस्बनच्या एखाद्या फेस्टिव्हलला जावी असं तुम्हाला वाटणारच, मांडवीवरची फिल्म तिथे नाही जाणार तर कुठे जाणार, मग तिथला कायदा लागू. म्हणून त्यांच्याकडून लायसन्स घ्याच.

आणि हे सगळ्यात महत्त्वाचं, कुठल्याही परवानगीच्या कागदावर मुदत आणि प्रदेश लिहिलेला पाहिजे. लिहिला नाही तर कलम १९ प्रमाणे मुदत ५ वर्षं आणि प्रदेश फक्त भारत असं धरलं जातं, आणि लायसन्सलाही तेच लागू होतं. लोक प्रेमाने दोन ओळींचं पत्र देतात, "आमची काही हरकत नाही", आणि सहाव्या वर्षी फिल्म कुठे लावायची म्हटलं की तो कागद निकामी झालेला असतो. परदेशात पैसे पाठवताना टीडीएस आणि रिव्हर्स चार्जचा (म्हणजे घेणाऱ्यानेच भरायचा) जीएसटी येतो, ते बजेटमध्ये धरा आणि पाठवायच्या आधी सीएला विचारा, पाठवून झाल्यावर नाही.

मांडवीकाठ

बापरे, एवढं सगळं. तिघांचेही खूप आभार, शीट बनवायला घेतलीय.

वकील ताई, त्या फेसबुकवरच्या रंगीत क्लिपचं काय करू? मालकच माहीत नाही. कायद्यात त्याच्यासाठी काही सोय आहे का? फिल्मची सुरुवातच त्या शॉटने होते, बस हळूहळू फेरीवर चढते, कंडक्टर मागे बघून हात करतो, आणि आईचा आवाज सुरू होतो. तो गेला तर मला काहीच सुचणार नाही.

अॅडव्होकेट_सासष्टी

सोय आहे, कलम ३१-अ. मालक सापडतच नसेल तर सक्तीच्या लायसन्ससाठी अर्ज करता येतो, पण आधी देशभर जाणाऱ्या इंग्रजी दैनिकात जाहिरात द्यावी लागते, शोध घेतल्याचे पुरावे जोडावे लागतात, आणि मग कोर्ट. एका ३० सेकंदांच्या शॉटसाठी तुमचे तीन लाख त्याच्यातच जातील. त्यापेक्षा माणूस शोधा. गोवा छोटा आहे.

जुना_पणजीकर

मी वयाने मोठा, सत्तरी ओलांडलीय, टायपिंगला वेळ लागतो. तुमची ती रंगीत क्लिप चार वेळा बघितली. बाबा, ती मांडवी नव्हे. ती झुवारी. कुठ्ठाळी-आगशीची फेरी आहे ती.

कसं ओळखलं सांगतो. पणजीच्या धक्क्यावरून बेतीकडे बघितलं की डाव्या हाताला रेईश मागूशचा किल्ला दिसल्याशिवाय राहत नाही, आणि उलटं बेतीहून बघितलं तर समोर आदिलशाहचा वाडा, म्हणजे जुनं सचिवालय. तुमच्या क्लिपमध्ये कॅमेरा जवळजवळ पूर्ण फिरतो आणि दोन्हीपैकी काहीच नाही. पाणी बघा किती रुंद आहे. आणि लांब उजवीकडे जहाजं नांगरून आहेत, ती मुरगावच्या बाजूची. मी नोकरीनिमित्त सहा वर्षं त्या फेरीने गेलोय, माझ्या डोळ्यांना ते कळतं. बसची नंबर प्लेट पण जीडी ने सुरू होतेय, म्हणजे घटक राज्य व्हायच्या आधीचं किंवा त्याच सुमाराचं असणार, एवढं बरोबर आहे तुमचं.

तुम्ही ते मांडवी म्हणून दाखवलंत तर बेतीचा आणि कुठ्ठाळीचा, दोन्हीकडचा माणूस उठून जाईल.

मांडवीकाठ

काका, मी आत्ता परत बघितली. तुमचं बरोबर आहे. दोन वर्षं मी रोज ती क्लिप बघतोय आणि माझ्या लक्षात आलं नाही, मी कंडक्टरच्या हाताकडेच बघत राहिलो. आईला पण दाखवली होती, ती म्हणाली होती "आमचा धक्का असा नव्हता रे", आणि मला वाटलं वयामुळे विसरत असेल. तिची माफी मागायला पाहिजे.

काढून टाकतो. दुसरं काहीतरी शोधू.

रीळशोधक

काकांसारखा माणूस कुठल्याच आर्काइव्हच्या पगारपत्रकावर नसतो आणि त्याच्याशिवाय आमचं काम होत नाही. मोठ्या मोठ्या आर्काइव्हच्या कॅटलॉगमध्ये सुद्धा गाव चुकीचं लिहिलेलं असतं, कारण नोंद करणारा लंडनमध्ये नाहीतर लिस्बनमध्ये बसलेला, त्याला नदी ती नदीच. म्हणून लायसन्सचे पैसे भरायच्या आधी प्रत्येक क्लिप त्या त्या गावच्या जुन्या माणसाला दाखवायची. हे मी आता नियमाने करतो.

पोर्तुगीज बाजूचं राहिलं होतं, ते सांगतो. टीव्हीचं असेल तर आरटीपीकडे, म्हणजे पोर्तुगालच्या सरकारी टीव्हीकडे, त्यांची आर्काइव्हची साइट सगळ्यांना बघायला खुली आहे. पण आरटीपीचं नियमित प्रक्षेपणच १९५७ ला सुरू झालं, त्यामुळे त्याच्या आधीचं आणि थिएटरमध्ये दाखवलेलं असेल तर सिनेमातेका पोर्तुगेझा, म्हणजे त्यांचं फिल्म आर्काइव्ह, त्यांचा साठा लिस्बनजवळ बुसेलासला आहे. १९३८ ते १९५१ चा बातमीपट म्हणजे जोर्नाल पोर्तुगेश आणि ५३ पासून इमाजेंश द पुर्तुगाल, तुमचा बहुतेक या दुसऱ्यातला असावा, सुरुवातीची पाटी बघून खात्री करा.

शोधताना आपली नावं आणि आपले शब्द चालत नाहीत. "गोवा मुक्ती" टाकून पोर्तुगीज कॅटलॉगमध्ये तुम्हाला काहीही मिळणार नाही, त्यांच्याकडे त्याला आक्रमण म्हटलंय, इन्व्हाझांव, नाहीतर गोव्याचं पतन. एश्तादु दा इंडिया, इंडिया पोर्तुगेझा, उल्त्रामार हे शब्द टाका. पणजीचं स्पेलिंग त्यांचं वेगळं, जेच्या जागी जी, आणि शेवटी एम. त्याच्याही आधीचं असेल तर नोव्हा गोवा. म्हापशाच्या सीखाली शेपटी असते. मला पहिल्यांदा हे कळलं तेव्हा ज्या शोधात शून्य येत होतं तिथे पानंच्या पानं आली. तो आक्रमण शब्द टाइप करताना बरं वाटत नाही, माझ्या चुलत आजोबांनी आग्वादला तुरुंगवास भोगलाय, पण दार त्याच शब्दाने उघडतं.

पत्र पोर्तुगीजमध्ये लिहा. पणजीत, मडगावात अजून पुष्कळ घरांत चांगलं पोर्तुगीज लिहिणारी वडीलधारी माणसं आहेत, कोणीतरी नक्की लिहून देईल. इंग्रजी पत्राला पण उत्तर येतं, पण त्यांच्या भाषेतल्या पत्राला लवकर येतं असा माझा अनुभव.

तारवट्याची_नात

मी फिल्मवाली नाही, शिक्षिका आहे, इकडे सहज वाचत होते. माझे आजोबा तारवटी, तीस वर्षं जहाजावर. त्यांनी जपानहून की कुठून तरी सुपर ८ कॅमेरा आणला होता आणि सुट्टीवर आले की सगळं शूट करायचे, लग्न, शिगमो, घरची म्हैस सुद्धा. आमचं घर बेती-वेरें रस्त्यावर. पूल पडला त्या पावसात ते घरीच होते, आणि आजी सांगायची की ते रोज धक्क्यावर जाऊन उभे राहायचे कॅमेरा घेऊन, लोक ओरडायचे की इथे काय तमाशा आहे का.

माडीवर एका पत्र्याच्या डब्यात आठ-नऊ रिळं आहेत. प्रोजेक्टर केव्हाच बिघडला. आता डबा उघडला की व्हिनेगरसारखा वास येतो म्हणून मी दोन वर्षांत उघडलाच नाही. फेकून द्यायचा विचार चालला होता घरात. त्याचा काही उपयोग होईल का?

कटिंगटेबल_म्हापसा

ताई फेकू नका!! हात जोडून सांगतो.

तो वास म्हणजे फिल्मचं ॲसिटेट कुजायला लागलंय, त्याला व्हिनेगर सिंड्रोमच म्हणतात, आणि आपल्या दमट हवेत ते झपाट्याने वाढतं, एका रिळाचं दुसऱ्याला लागतं. डबा उघडा, ज्या रिळांना जास्त वास आहे ती वेगळी ठेवा, कोरड्या आणि त्यातल्या त्यात थंड खोलीत, कपाटाच्या खालच्या खणात ठेवा, माडीवर पत्र्याखाली नको. कुठल्याही प्रोजेक्टरवर लावून बघू नका, कोणी कितीही म्हणालं तरी, आकसलेली फिल्म दात्यांमध्ये अडकून फाटते आणि परत काही करता येत नाही. पुसू नका, धुऊ नका. खोक्यांवर आजोबांनी काही लिहिलं असेल, तारीख, जहाजाचं नाव, काहीही, तर ती खोकी रिळापासून वेगळी करू नका. फ्रेम बाय फ्रेम स्कॅन करणारी मशीन असतात, त्यात दाते नसतात, आकसलेली फिल्म पण बरीचशी निघते. एक छोटं रीळ ५० फुटांचं असतं, म्हणजे साधारण ३ मिनिटं २० सेकंद. आठ-नऊ म्हणजे अर्धा तास. अर्ध्या तासात काय काय असेल देव जाणे.

अॅडव्होकेट_सासष्टी

आणि ताई, त्याचे हक्क आजोबांचे होते, आता त्यांच्या सगळ्या वारसांचे. तुमचे काका, आत्या जे कोणी असतील त्या सर्वांची सही एका कागदावर घ्या, नंतर कोणाचं मन दुखायला नको. मांडवीकाठ, तुम्ही फक्त ठरावीक मिनिटं वापरायची परवानगी घ्या, एक्सक्लुझिव्ह नाही, मुदत आणि प्रदेश लिहून. रिळं त्यांची, स्कॅन केलेल्या मूळ फायली पण त्यांना द्यायच्या, सगळ्या रिळांच्या, फक्त तुमच्या उपयोगाच्या नाही. स्कॅनचा खर्च तुमचा. लोक रिळं नेतात आणि परत करत नाहीत, हे मी दोन घरांत बघितलंय, म्हणून आधीच लिहून ठेवा.

रीळशोधक

आणि श्रेयनामावलीत आजोबांचं पूर्ण नाव. "कौटुंबिक संग्रह" असं मोघम नको. छायाचित्रण म्हणून.

मांडवीकाठ

ताई, मी काय बोलू कळत नाहीय. तुमची सगळी रिळं मी स्कॅन करून देतो, म्हशीचं सुद्धा. कलरचं पुढे बघू, आधी हे. मुंबईत एका स्कॅनिंगवाल्याशी आज दुपारीच बोललो, ते म्हणाले आधी फोटो काढून पाठवा, किती आकसलंय ते बघून सांगतो.

आत्तापर्यंतचा हिशोब : ६१ ची दृश्यं एनएफडीसीला पत्र लिहून चांगल्या प्रतीसाठी मागतोय, आवाज काढून टाकणार. पोर्तुगीज बातमीपटाची दीड मिनिटं कमी करून ३० सेकंदांवर आणली आणि खरं म्हणजे ती तेवढीच पुरत होती. पत्र आमच्या शेजारच्या फोंताइन्यातल्या एक आजी लिहून देणार आहेत. दूरदर्शनच्या क्लिपसाठी अर्ज तयार आहे. झुवारीची क्लिप काढली, तिथे सध्या काळा पडदा आहे आणि फक्त आईचा आवाज, आणि तेही वाईट वाटत नाहीय.

तारवट्याची_नात

डबा उघडला. वास खूप आहे पण रिळं दिसायला बरी वाटतात. एका पिवळ्या खोक्यावर आजोबांच्या अक्षरात "जुलय ८६, बेती, पावस" असं लिहिलंय. फोटो काढून ठेवलेत.

काकांशी बोलले, ते सही द्यायला तयार आहेत, आत्या मुंबईला असते तिला आज फोन करते. तुम्ही रविवारी सकाळी या, दहाच्या नंतर, आधी मी घरी नसते.

मांडवीकाठ

येतो. आईला पण घेऊन येतो, तिला धक्का ओळखता येईल. फेरीनेच येऊ.